घाटातलं वळण फोटोत कसं उतरवायचं

घाटातून जाताना वळण लागतं, पण दिसत नाही. समोर दहा-पंधरा मीटर डांबर, एका हाताला काळापांढरा रंगवलेला कठडा, दुसऱ्या हाताला पाझरणारा कातळ. तेवढ्यात स्टिअरिंग फिरतं आणि वळण मागे पडतं. तोच रस्ता समोरच्या सोंडेवरून खाली बघितला, की डोंगराच्या अंगावर कुणीतरी बोटाने वेलांट्या काढल्यासारखा दिसतो. वळण दिसायला उंची लागते आणि ते उठून दिसायला तिरपा उजेड लागतो. या दोन गोष्टी जुळल्या तर साधा मोबाइलही काम करतो. त्या नसतील तर कितीही महागडा कॅमेरा नेला तरी हाती एक करडा पट्टाच येतो.

ठाणे आणि नवी मुंबईकरांना बोरघाट, कसारा, माळशेज आणि नेरळ-माथेरान यांपैकी कोणताही घाट एका दिवसात जाऊन येण्यासारखा आहे. पुढची माहिती मुख्यतः याच चार घाटांना धरून दिली आहे.

रस्ता घड्या का घालतो

फोटो काढणाऱ्याला याची गरज काय, असं वाटेल. पण रस्ता कसा बांधलाय हे कळलं की तो कुठून चांगला दिसेल याचा अंदाज घरबसल्या येतो. डोंगरी रस्त्यांचा चढ साधारण ५ ते ६ टक्के ठेवतात. ५ टक्के म्हणजे २० मीटर पुढे गेल्यावर १ मीटर वर. या हिशेबाने ४०० मीटर उंची चढायला ८ किलोमीटर रस्ता लागतो. नकाशावर पायथा ते माथा हे सरळ अंतर समजा २ किलोमीटरच असेल, तर उरलेली लांबी डोंगराच्या अंगावरच मागेपुढे दुमडावी लागते. या घड्या म्हणजेच आपली वळणं. जिथे कडा जास्त उभा, तिथे घड्या जास्त आणि एकमेकींच्या जवळ.

पूर्ण उलटं फिरणाऱ्या हेअरपिन वळणाची आतली त्रिज्या निदान १४ मीटर असावी आणि तिथला चढ ४० मीटरला १ मीटरपेक्षा जास्त नसावा, असं आपल्याकडचं मानक आहे. म्हणजे वळणाचा गोल भाग जवळजवळ सपाट असतो आणि दोन्ही बाजूंचे हात तिरके. वरून पाहताना हा गोल ताटलीसारखा स्वच्छ दिसतो आणि गाड्या तिथेच सगळ्यात हळू होतात. चित्राचा केंद्रबिंदू तोच धरा.

रेल्वेला अशा घड्या घालता येत नाहीत. बोरघाट आणि थळघाटात (म्हणजे कसारा घाटात) रुळांचा चढ ३७ मीटरला १ मीटर इतकाच ठेवलेला आहे, त्यामुळे रेल्वे बोगदे आणि पुलांवरून लांबलचक वाकत जाते. अपवाद माथेरानच्या छोट्या गाडीचा. १९०७ साली सुरू झालेली ही दोन फुटी रुळांची लाइन रस्त्यासारखीच डोंगराला वळसे घालत चढते. नेरळहून दस्तुरी नाक्याकडे जाणारा रस्ता आणि हे रूळ एकाच डोंगरावर फिरतात, आणि दोन्ही वळणं एका चित्रात बसवता येतात ती फक्त इथेच.

जागा घरी बसून शोधा

उपग्रह नकाशा उघडा आणि ज्या ठिकाणी रस्ता स्वतःजवळच परत येतो ती जागा टिपून ठेवा. मग उंचीच्या रेषा दाखवणारा नकाशा लावा आणि त्या जागेसमोर, दरीच्या पलीकडे किंवा वरच्या वळणावर, अधिकृत पॉइंट किंवा सपाट मोकळी जागा आहे का बघा. रस्त्यापासूनचं आडवं अंतर आणि उंचीतला फरक, एवढे दोनच आकडे लागतात. ३०० मीटर अंतरावर ८० मीटर उंचावर असाल तर नजर सुमारे १५ अंश खाली जाते आणि वळण छान उघडतं. पाच अंशांच्या खाली रस्ता चपटा होऊन नुसती रेघ उरते. पंचेचाळीसच्या वर गेलात तर नकाशा दिसतो, डोंगर दिसत नाही. १० ते ३० अंश हा सगळ्यात चांगला टप्पा.

प्रत्यक्ष जागेवर हे मोजायला उपकरण नको. हात ताठ पुढे करून मूठ आडवी धरा. मुठीची उंची सुमारे १० अंश भरते. मुठीची वरची कड डोळ्यांच्या पातळीत ठेवा. रस्ता मुठीच्या खाली दिसत असेल तर जागा चालेल. मुठीआड लपला तर अजून वर चढायला हवं.

आता प्रत्यक्ष ठिकाणं. नवी मुंबईहून सगळ्यात सोपा आहे खंडाळ्याचा राजमाची पॉइंट. जुन्या मुंबई-पुणे रस्त्यालगत आहे, कठडा आहे, गाडी लावायला जागा आहे आणि खाली दरीत रस्त्याचे मोठे वाक दिसतात. एक्स्प्रेसवेवर मात्र फोटोसाठी थांबायचं नाही. ते बेकायदा आहे आणि जीवघेणंही, आणि दुचाकीला तर तिथे प्रवेशच नाही. खोपोलीकडून जुन्या रस्त्याने चढलात तर वाटेत शिंग्रोबाचं देऊळ लागतं. घाटाची वाट दाखवणाऱ्या धनगराचं हे ठाणं, असं लोक सांगतात. जुने ड्रायव्हर आजही इथे नाणं टाकून पुढे जातात.

माळशेज ठाण्याहून कल्याण, मुरबाड, टोकावडेमार्गे सुमारे १०० किलोमीटर. कल्याणमधली गर्दी धरून तीन तास हाताशी ठेवा. इथे कडा रस्त्याच्या अगदी अंगावर येतो, त्यामुळे रस्ता कमी आणि कातळ जास्त, असं चित्र मिळतं. रस्ता बारीक धाग्यासारखा आणि त्यावर भिंतीसारखा डोंगर: प्रमाण दाखवायला याच्याइतकं चांगलं ठिकाण जवळपास नाही. कसारा घाटात अवजड वाहतूक फार, मोकळ्या जागा कमी. तिथे दिवसा थांबण्यापेक्षा संध्याकाळच्या दिव्यांच्या रेघांसाठीच जावं.

सराव घराजवळच करा. बेलापूरच्या पारसिक टेकडीचा रस्ता आणि खारघरच्या डोंगरावर चाफेवाडी-फणसवाडीकडे जाणारा रस्ता, दोन्ही लहान आहेत, पण वळण, चढ आणि खाली शहराचे दिवे हे तिन्ही तिथे मिळतं. पावसाळ्यात खारघरच्या डोंगरावर आणि धबधब्यांकडे जायला अनेकदा बंदी लागते. निघण्याआधी चौकशी करा. येऊरचा रस्ता झाडांच्या बोगद्यातून वळत जातो, पण तो राष्ट्रीय उद्यानाचा भाग आहे. वनखात्याच्या वेळा पाळाव्या लागतात आणि वर हवाई दलाचं ठाणं आहे, त्या बाजूला कॅमेरा काढायचा नाही.

ड्रोनचा विचार असेल तर आधी डिजिटल स्काय या सरकारी ड्रोन संकेतस्थळाच्या नकाशावर जागेचा रंग बघा. मुंबई आणि नवी मुंबईचे विमानतळ, लष्करी जागा आणि अभयारण्यं यांमुळे आपल्याकडचा बराच भाग परवानगीशिवाय उडवण्यासारखा नाही. हिरव्या क्षेत्रातही १२० मीटरची मर्यादा आहे. तसाही ड्रोनने काढलेला घाट बहुधा सरळ वरून टिपलेला असतो आणि त्यात डोंगराची उंचीच हरवते. पायांवर उभं राहून काढलेलं चित्र आम्हाला जास्त खरं वाटतं.

उजेड: पहाटे नाही, दुपारी निघा

इथे बहुतेकांची चूक होते. ट्रेकची सवय असलेले पहाटे चारला निघतात आणि सातला घाटात पोचतात. पण सह्याद्रीचा मोठा कडा कोकणाकडे, म्हणजे पश्चिमेला तोंड करून उभा आहे आणि नेरळ-माथेरान सोडला तर आपले घाट याच कड्यावरून चढतात. सकाळी सूर्य देशावरून, कड्याच्या पाठीमागून वर येतो. रस्ता कितीतरी वेळ सावलीत आणि मागचं आकाश पांढरंफटक, अशी स्थिती असते. रस्ता नीट उघडला तर आकाश जळतं, आकाश सांभाळलं तर रस्ता काळा पडतो. सकाळी जायचंच असेल तर दरीत भरलेल्या धुक्यासाठी जा, वळणासाठी नाही.

वळणाचा उजेड दुपारी चारनंतर येतो. नोव्हेंबरच्या मध्यात सूर्यास्त साधारण सहाला, जानेवारीच्या मध्यात सहा-वीसला आणि एप्रिलच्या मध्यात सातच्या आसपास. सूर्यास्ताआधीचा दीड तास धरून उलटं मोजा. माळशेजला नोव्हेंबरात साडेचारला तयार उभं राहायचं तर ठाण्याहून एक वाजता निघायला हवं.

सूर्य बरोबर पाठीशी आला तर डोंगर सपाट दिसतो. तो डाव्या किंवा उजव्या खांद्यावर असावा. मग प्रत्येक सोंडेची सावली शेजारच्या घळीत पडते आणि डांबराची कड चमकते. सूर्य वर्षभर एकाच जागी मावळत नाही हेही लक्षात घ्या. आपल्या अक्षांशावर डिसेंबरात तो पश्चिमेपासून सुमारे २५ अंश दक्षिणेला आणि जूनमध्ये तेवढाच उत्तरेला मावळतो. दिवाळीनंतर उजळलेलं वळण मे महिन्यात सावलीत जाऊ शकतं.

महिन्यांपैकी आमची पसंती ऑक्टोबरच्या मध्यापासून नोव्हेंबरच्या मध्यापर्यंत. हवा पावसाने धुतलेली, गवत हिरव्याकडून सोनेरीकडे झुकलेलं, डांबर काळंभोर. डिसेंबर ते फेब्रुवारी शहराकडचं धुरकं कोकणपट्टीत साचतं आणि दूरची वळणं फिकी पडतात. अशा वेळी ५०० मीटरच्या आतलंच वळण निवडा. मार्च-एप्रिलमध्ये डोंगर भाजलेला असतो, पण पळस, पांगारा आणि कुसुमाची लाल पालवी रस्त्याकडेला असेल तर तेच चित्र होतं.

किती मिलिमीटरची लेन्स

हिशेब सोपा आहे. ३६ भागिले लेन्सचे मिलिमीटर, गुणिले अंतर. उत्तर म्हणजे फुल फ्रेम (३६ मिमी रुंद सेन्सरच्या) कॅमेऱ्यात मावणारी रुंदी. ३०० मीटरवर ७० मिमीची लेन्स सुमारे १५४ मीटर रुंदी पकडते, २०० मिमीची फक्त ५४. एक हेअरपिन आणि त्याचे दोन्ही हात मावायला सहसा १०० ते २०० मीटर लागतात, म्हणून घाटासाठी ७०-२०० ही सगळ्यात उपयोगी लेन्स. मोबाइलची तीन पट झूम साधारण ७० ते ७५ मिमीच्या बरोबरीची असते, ती चालते. वाइड लेन्सने मात्र समोरचं गवत मोठं होतं आणि रस्ता दोऱ्याएवढा.

चौकट लावताना वळणाचा गोल कडेने कापू नका. पूर्ण गोल आत ठेवा आणि भोवती थोडी मोकळी जागा सोडा. रस्ता चौकटीत खालच्या कोपऱ्याच्या जरा वरून शिरावा आणि वर डोंगराआड हरवावा. नेमका कोपऱ्यातून शिरला तर नजर बाहेर सांडते. मधला एखादा तुकडा झाडीत लपला तरी चालतं, डोळा तो स्वतः जोडून घेतो. क्षितिज दिसत नसल्यामुळे चित्र वाकडं झालेलं कळत नाही, तेव्हा विजेच्या खांबावरून सरळपणा तपासा.

एसटीची वाट बघा

रिकामं वळण सुंदर असतं, पण केवढं मोठं आहे ते कळत नाही. त्यात लाल परी आली की माप मिळतं. बस सुमारे ११ मीटर लांब. चौकटीची रुंदी दीडशे मीटरच्या आसपास असेल तर ती चौदाव्या हिश्शाएवढी दिसते: ओळखू येण्याइतकी मोठी, डोंगरापुढे लहान. हिरव्यावर लाल रंग दुरूनही तुटून दिसतो. बस वळणात शिरताना टिपा. तेव्हा तिचं नाक आत वळलेलं असतं, मागचं चाक अजून सरळ रस्त्यावर असतं, आणि ड्रायव्हर गिअर टाकताना क्षणभर सगळी बस थबकते. हाच तो क्षण. वळणातून बाहेर पडलेली बस चित्रातून निघून चालल्यासारखी दिसते.

ताशी ३० किलोमीटरने जाणारी बस सेकंदाला सुमारे ८ मीटर सरकते. शटर १/६० सेकंद उघडं असेल तर तेवढ्यात ती १४ सेंटिमीटर पुढे जाते आणि लांब लेन्समध्ये पुसट येते. १/५०० ला हे पावणेदोन सेंटिमीटरवर येतं आणि बस स्वच्छ दिसते. तेव्हा शटर १/५००, अ‍ॅपर्चर (लेन्सचं तोंड; एफचा आकडा मोठा तेवढं तोंड लहान) एफ/५.६ ते एफ/८, आणि आयएसओ (उजेड टिपण्याची संवेदनशीलता) आपोआप पण ८०० ची मर्यादा घालून.

दिव्यांच्या रेघा

घाटाचं सगळ्यात देखणं रूप सूर्य गेल्यानंतर येतं. चढणाऱ्या गाड्यांच्या मागच्या लाल दिव्यांची एक रेघ, उतरणाऱ्यांच्या पांढऱ्या दिव्यांची दुसरी, आणि दोन्ही मिळून रस्त्याचं पूर्ण वळण आकाशाच्या निळ्या उजेडात उमटतं. ही वेळ फार थोडी, सूर्यास्तानंतर साधारण १५ ते ३० मिनिटं. त्यानंतर डोंगर काळा होतो आणि रेघा हवेत लटकल्यासारख्या वाटतात.

तयारी उजेडातच करा. ट्रायपॉड घट्ट जमिनीवर, मुरमावर नाही. सगळ्यात बारीक पाय उघडू नका आणि मधली दांडी वर काढू नका, कारण घाटातला वारा त्यांनाच हलवतो. कॅमेऱ्याचा पट्टा काढून खिशात ठेवा. लोंबता पट्टा शिडासारखा वारा धरतो आणि सगळ्या रेघा दुहेरी करतो. लेन्सचं स्टॅबिलायझेशन (हात हलला तरी चित्र स्थिर ठेवणारी सोय) बंद. फोकस उजेड असतानाच वळणावर लावून मॅन्युअलवर टाका. व्हाइट बॅलन्स (रंगांचा समतोल) ४००० केल्विनच्या आसपास पक्का ठेवा, नाहीतर प्रत्येक फोटोत निळा रंग बदलतो.

आयएसओ १००, एफ/८ धरून सूर्यास्तानंतर पंधरा मिनिटांनी साधारण १ ते २ सेकंद पुरतात, पंचवीस मिनिटांनी ८ ते १०, आणि अंधार दाटला की ३०. हा अंदाज आहे, ढग असतील तर वेळ वाढवा. इथे एक गोष्ट नीट समजून घ्यावी लागते. दिव्यांच्या रेघा किती तेजस्वी येतील हे शटर किती वेळ उघडं आहे यावर ठरत नाही, कारण दिवा एका जागी थांबतच नाही. ते ठरतं अ‍ॅपर्चर, आयएसओ आणि गाडीचा वेग यांवर. शटरचा वेळ ठरवतो तो डोंगराचा आणि आकाशाचा उजेड. म्हणून रेघा फार जळत असतील तर एफ/११ करा. डोंगर काळा असेल तर वेळ वाढवा. आणि म्हणूनच पहिल्या गिअरमध्ये धापा टाकत चढणाऱ्या ट्रकची लाल रेघ जाड आणि ठळक येते, भरधाव कारची पुसट.

६०० मीटर रस्ता दिसत असेल तर ताशी ३० किलोमीटरने गाडीला तो पार करायला ७२ सेकंद लागतात. ३० सेकंदांच्या एका फोटोत रेघ अर्धवट तुटते. उपाय असा: आकाश निळं असताना एक चांगला फोटो काढून ठेवा आणि ट्रायपॉडला धक्का न लावता पुढे ३० सेकंदांचे १५-२० फोटो सलग घ्या. घरी ते एकमेकांवर ठेवून ‘लाइटन’ पद्धतीने जोडा, म्हणजे प्रत्येक ठिकाणी सगळ्यात उजळ बिंदू राहतो. दोन फोटोंमध्ये एका सेकंदापेक्षा जास्त खंड नको, नाहीतर रेघेला भोकं पडतात. लाँग एक्स्पोजर नॉइज रिडक्शन (लांब वेळेच्या फोटोतले ठिपके काढणारी सोय) बंद असू द्या. ते चालू असेल तर ३० सेकंदांच्या फोटोनंतर कॅमेरा आणखी ३० सेकंद अडकून बसतो आणि तेवढ्या वेळातल्या गाड्या निसटतात. वळणावर गाडीचे हेडलाइट थेट लेन्सकडे वळतात तेव्हा पांढरा डाग पडतो. तेवढे दोन-तीन सेकंद लेन्ससमोर काळा पुठ्ठा धरा, पण लेन्सला टेकवू नका.

पाऊस, धुकं आणि लेन्सवरची वाफ

एसी लावलेल्या गाडीतून पावसाळी घाटात उतरलात की पहिल्याच मिनिटाला लेन्स आंधळी होते. थंड काचेवर बाहेरची दमट हवा थिजते. पुसली की परत येते, आणि पुसताना कापडाचे ओरखडे पडतात ते वेगळेच. घाट सुरू होण्याआधी १५ मिनिटं एसी बंद करून काचा उघडा आणि कॅमेऱ्याची बॅगही उघडी ठेवा. वाफ आलीच तर पुसू नका, लेन्स बाहेरच्या हवेत तशीच राहू द्या, ती आपोआप जाते.

धुक्यात कॅमेरा पांढऱ्याला करडं करतो, म्हणून एक्स्पोजर पाऊण ते सव्वा स्टॉप वाढवा (एक स्टॉप म्हणजे उजेड दुप्पट). ऑटोफोकस भटकत असेल तर कठड्याच्या काळ्यापांढऱ्या पट्ट्यावर लावा, तिथे तो पकडतो. पोलरायझर (लेन्सपुढे लावून फिरवायची, चकाकी कमी करणारी काच) जपून वापरा. ओल्या पानांची चकाकी तो काढतो आणि हिरवा रंग खोल करतो, पण ओल्या डांबरावरची चमकही खातो, आणि पावसाळी घाटात ती चमकच रस्त्याला डोंगरापासून वेगळं करते. फिरवून बघा, रस्ता विझला तर काढून टाका.

सुरक्षिततेचं अगदी स्पष्ट सांगायचं. वळणावर, वळणाच्या आधी किंवा बोगद्याच्या तोंडाशी गाडी उभी करायची नाही. पांढऱ्या पट्टीच्या पूर्ण बाहेर जागा मिळेल तिथेच थांबा. अरुंद जागी चढणाऱ्या गाडीला वाट द्यायची, हा नियमच आहे. कठडा ओलांडू नका: पावसाळ्यात गवत आणि कारवी कड्याच्या बाहेरपर्यंत झुकलेली असते, खाली जमीन आहे की हवा ते कळत नाही. जोराचा पाऊस चालू असताना कड्याखाली उभे राहू नका, माळशेजमध्ये तर मुळीच नाही, तिथे दगड सुटतात. अंधारात उभे असाल तर अंगावर चमकणारं जॅकेट हवं. जिल्हा प्रशासनाचे बंदीचे आदेश दरवर्षी जून ते सप्टेंबर निघतात. ते वाचूनच निघा.

घरी आल्यावर

फोटो सुधारताना धुरकं काढणारी पट्टी १५-२० च्या पुढे ओढू नका, नाहीतर डोंगराच्या कडेला काळी किनार उमटते. हिरवा रंग किंचित पिवळ्याकडे न्या. कॅमेऱ्याचा सह्याद्री नेहमी जरा जास्तच निळसर हिरवा येतो. रस्ता तेवढा निवडून अर्धा स्टॉप उजळला तर वळण लगेच वर येतं.

पावसात भिजलेली बॅग तशीच बंद करून कपाटात ठेवली तर आपल्या दमट हवेत महिन्याभरात लेन्सच्या आत बुरशीची जाळी दिसू लागते. सगळं पंख्याखाली रात्रभर वाळवा, मग हवाबंद डब्यात सिलिका जेलसोबत ठेवा आणि आतली आर्द्रता ४० ते ५० टक्क्यांच्या मध्ये राखा. आणि वहीत त्या जागेजवळच्या किलोमीटरच्या दगडाचा आकडा, तारीख, वेळ आणि लेन्सचे मिलिमीटर लिहून ठेवा. पुढच्या वेळी त्याच दगडापाशी त्याच तारखेला, पण अर्धा तास आधी उभे राहा.